सोयाबीन पिवळं पडलं, पण रोग कोणता? ‘क्लोरोसिस’ या एका शब्दामुळं होणारी गल्लत

लातूर : श्रावणात आठ-दहा दिवस झड लागली, की गावोगावच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एकच फोटो फिरू लागतो. सोयाबीनचं एक पिवळं पान, मागं कुणाचा तरी अंगठा आणि खाली प्रश्न, “सोयाबीन पिवळं पडलंय, काय मारू?” पाच मिनिटांत दहा उत्तरं येतात. कुणी म्हणतो मोझॅक आहे, कुणी म्हणतो लोह कमी आहे, कुणी थेट औषधाच्या बाटलीचा फोटो टाकतो. हल्ली त्यात आणखी एका शब्दाची भर पडली आहे. “क्लोरोसिस झालाय.” मोबाईलवरच्या ॲपला फोटो दाखवला की ते हा शब्द सांगतं, कृषी सेवा केंद्रातही तो ऐकू येतो. शब्द इंग्रजी आणि शास्त्रीय असल्यानं शेतकऱ्याला वाटतं, चला, रोगाचं नाव कळलं. खरी गडबड तिथंच होते.

क्लोरोसिस हे कुठल्याही रोगाचं नाव नाही. ‘क्लोरोस’ या ग्रीक शब्दाचा अर्थ फिकट, पिवळट हिरवा. पानातलं हरितद्रव्य कमी झालं, किंवा तयारच झालं नाही, की पान पिवळं दिसतं. त्या पिवळेपणाला वनस्पतिशास्त्रात क्लोरोसिस म्हणतात. म्हणजे शेतकऱ्याला जे डोळ्यानं दिसलं तेच त्याला परत ग्रीक भाषेत सांगितलं जातं. माणसाला ताप येतो तसंच हे आहे. ताप मलेरियाचा असेल, टायफॉईडचा असेल, नाहीतर पायातल्या जखमेचा असेल. “तुम्हाला ताप आहे” एवढं सांगून डॉक्टरनं गोळ्यांची चिठ्ठी हातात दिली, तर आपण त्या दवाखान्यात पुन्हा जाणार नाही. पिकाच्या बाबतीत मात्र हेच चालवून घेतलं जातं.

केवडा एक, दुखणी तीन

याचा दोष फक्त इंग्रजी शब्दाला देऊन चालणार नाही. आपल्या मराठीत ‘केवडा’ आहेच. उसाचं कोवळं पान पांढरट-पिवळं पडलं की केवडा. द्राक्षावर डाऊनी आला तरी केवडा. भेंडीच्या शिरा पिवळ्या पडल्या, मुगाची पानं पिवळी झाली, तरी काही भागांत केवडाच. रंगावरून नाव पडलं आणि बोलायला ते सोयीचंही आहे. पण कारणं बघितली तर या दुखण्यांचा एकमेकांशी काही संबंध नाही.

उसातला केवडा बहुतेक वेळा लोहाच्या कमतरतेचा असतो. तिथं जंतूही नाही आणि बुरशीही नाही. द्राक्षावरचा केवडा बुरशीसारख्या सूक्ष्मजीवामुळं येतो. पानाच्या वरच्या बाजूला तेलकट पिवळा डाग आणि पान उलटं केलं की खाली पांढरी लव. भेंडीवरचा, मुगावरचा विषाणूमुळं येतो आणि तो पसरवते पांढरी माशी. भेंडीच्या या रोगाची नोंद मुंबई इलाख्यात १९२४ सालीच झालेली आहे, म्हणजे दुखणं काही नवं नाही. लोहाची कमतरता, सूक्ष्मजीव आणि विषाणू, अशी ही तीन वेगवेगळी कारणं. एकाचं औषध दुसऱ्याला लागू पडत नाही. आजार रेड्याला अन् औषध पखालीला, अशी गत होते ती इथं.

रोगशास्त्रात ‘लक्षण’ आणि ‘चिन्ह’ असा फरक करतात, तो इथं कामाला येतो. पीक स्वतः जे दाखवतं ते लक्षण : पिवळेपणा, मर, वाढ खुंटणं. रोग करणारा जीव स्वतः दिसला तर ते चिन्ह, जसं द्राक्षाच्या पानाखालची पांढरी लव. चिन्ह सापडलं तर निदान बरंचसं पक्कं होतं. नुसत्या लक्षणावर निदान ठेवलं तर चुकायची शक्यता मोठी, कारण एकाच लक्षणामागं डझनभर कारणं असू शकतात. क्लोरोसिस हे लक्षणच आहे.

दोन वर्षं, एकच रंग

मागच्या काही वर्षांकडं बघितलं तर ही गल्लत किती महागात पडू शकते ते कळतं. २०२३ चा ऑगस्ट देशात १९०१ पासूनचा सगळ्यात कोरडा ऑगस्ट ठरला. त्या खरिपात विदर्भ-मराठवाड्यात अनेक ठिकाणी सोयाबीन पिवळं पडलं, पिवळ्या मोझॅकची चर्चा झाली आणि पंचनाम्यांची मागणी झाली. पावसानं उघडीप दिली, ऊन तापलं की पांढरी माशी वाढते आणि तिच्याबरोबर मोझॅकही. त्यात जेएस ३३५ सारख्या जुन्या वाणावर हा रोग लवकर येतो. पुढं २०२५ च्या सप्टेंबरात बरोबर उलटं झालं. मराठवाड्यात अतिवृष्टी झाली, शेतात पाणी साचलं. पाण्यात उभं राहिलेलं पीकही पिवळंच पडतं, पण त्याचं कारण मुळात असतं. मुळांना हवा मिळत नाही, गाठींचं काम थांबतं, नत्र मिळत नाही. रंग एकच. पण एका वर्षी बघायचं होतं पानाच्या खालच्या बाजूला आणि दुसऱ्या वर्षी जमिनीच्या खाली.

लातूर जिल्ह्यात आणखी एक गोष्ट आहे. इथल्या बऱ्याच काळ्या जमिनी चुनखडीच्या आहेत, सामू आठच्या आसपास किंवा वर. अशा जमिनीत लोह असतं, पण ते पिकाला उचलता येत नाही. घरात धान्य आहे पण कणगीला कुलूप, असा प्रकार. पाऊस जास्त झाला, जमीन चिबडली की हे कुलूप आणखी घट्ट होतं. म्हणून झडीनंतर खोलगट भागातलं सोयाबीन आधी पिवळं दिसतं. वाफसा आला, मुळं चालू झाली की त्यातलं बरंचसं आपोआप हिरवं होतं. मधल्या काळात ज्यानं फवारणी केली तो म्हणतो औषधानं गुण आला. ज्यानं काहीच केलं नाही त्याचंही पीक हिरवं झालेलं असतं, पण ते सांगायला तो काउंटरवर जात नाही.

पान कसं वाचायचं?

निदानासाठी प्रयोगशाळा लागते हे खरं. विषाणूची पक्की खात्री तिथंच होते. पण बांधावर उभं राहून चार गोष्टी बघितल्या तरी निम्म्याहून जास्त उलगडा होतो.

पहिली गोष्ट, पिवळेपणा शेतात कुठं आहे? खोलगट जागेत, पाणी साचतं तिथं किंवा चुनखडीच्या पट्ट्यात सलग असेल तर दुखणं जमिनीचं. इथं एक झाड, तिथं दोन झाडं असं विखुरलेलं आणि दर आठवड्याला वाढणारं असेल तर रोगाचा, विषाणूचा संशय घ्यायचा. फवारणीच्या पट्ट्याप्रमाणं सरळ रेषेत असेल तर तणनाशक आठवायचं. इमॅझेथापायरसारखं तणनाशक मारल्यावर काही दिवस सोयाबीन पिवळं पडतं, त्याला शेतकरी ‘शॉक बसला’ म्हणतात. नवीन पान हिरवं निघालं की तो शॉक उतरलेला असतो.

दुसरी गोष्ट, पान कोणतं? नत्र आणि मॅग्नेशियम झाडात फिरतात. कमी पडले की झाड खालच्या जुन्या पानातून काढून वरच्या पानाला देतं, म्हणून आधी जुनी पानं पिवळी होतात. लोह तसं फिरत नाही, म्हणून त्याची कमतरता वरच्या कोवळ्या पानावर दिसते. पानाच्या नुसत्या कडा पिवळ्या असतील तर पालाशकडं लक्ष द्यायचं.

तिसरी गोष्ट, शिरा. लोह कमी असेल तर शिरा हिरव्या राहतात आणि मधला भाग पिवळा होतो, जाळीसारखा. भेंडीच्या विषाणूत बरोबर उलटं होतं, शिराच पिवळ्या पडतात. सोयाबीनच्या पिवळ्या मोझॅकमध्ये शिरांचा हिशोबच राहत नाही. गर्द पिवळे आणि हिरवे ठिपके-चट्टे वेडेवाकडे मिसळलेले दिसतात, कुणी रंग शिंपडावा तसे.

चौथी गोष्ट, झाड उपटून बघणं. हे सगळ्यात कमी केलं जातं. मुळावरची गाठ फोडली आणि आत गुलाबी-लाल दिसली तर ती काम करते आहे. खोड उभं चिरलं आणि आत नागमोडी लालसर पोखर दिसली तर ती खोडमाशी. देठावर किंवा फांदीवर दोन गोल खाचा दिसल्या तर चक्रीभुंगा. मूळ काळं पडून साल सुटत असेल तर मूळकूज. या तिन्हीत वरून दिसणारं पान पिवळंच असतं. व्हॉट्सअॅपवरच्या फोटोत यातलं काही येत नाही, कारण फोटो पानाचा असतो.

लोहाचा संशय असेल तर एक स्वस्तातली परीक्षा आहे. फेरस सल्फेटचं अर्धा टक्का द्रावण, म्हणजे लिटरला ५ ग्रॅम, ताजं करून दहा-पंधरा पिवळ्या पानांवर लावायचं आणि शेजारच्या झाडांना हात लावायचा नाही. आठवड्याभरात लावलेली पानं हिरवी व्हायला लागली आणि शेजारची तशीच राहिली, तर दुखणं लोहाचं. काहीच फरक नाही, तर सगळ्या शेताचा फवारणीचा खर्च वाचला.

चुकीचं निदान, दुहेरी तोटा

विषाणू झालेल्या झाडाला बरं करणारं औषध बाजारात नाही. झाड दिसल्याबरोबर उपटून नष्ट करणं, पिवळे चिकट सापळे लावणं, बांधावरचं तण काढणं आणि पांढरी माशी आटोक्यात ठेवणं एवढंच हातात असतं. पहिल्या आठवड्यात दहा-वीस झाडं उपटली तर पुढचं पीक वाचू शकतं. तोच आठवडा ‘क्लोरोसिस आहे, मायक्रोन्यूट्रिएंट मारा’ या सल्ल्यात गेला, तर माशीला तेवढं रान मोकळं मिळतं.

उलट चूकही तितकीच वाईट. लोहाच्या कमतरतेला मोझॅक समजून कीटकनाशकावर कीटकनाशक मारलं, तर पान पिवळंच राहतं आणि खिसा रिकामा होतो. त्यात पायरेथ्रॉइड गटातली औषधं वारंवार मारली तर माशीला खाणारे मित्रकीटक मरतात आणि नंतर पांढरी माशी उसळते. म्हणजे नसलेल्या रोगाची फवारणी करून खरा रोग पसरवणारी माशी शेतात वाढवली जाते.

एका पंपात चार औषधं मिसळायची सवयही इथंच नडते. फेरस सल्फेट आणि १२:६१:० सारखं स्फुरदाचं विद्राव्य खत एकत्र केलं तर लोहाचा साका होतो, पिकाला काही मिळत नाही. चुनखडीच्या जमिनीत नुसतं फेरस सल्फेट फेकलं तर तेही अडकून बसतं. ते शेणखतात मुरवून दिलेलं बरं.

जमिनीचं कायमचं दुखणं कळायला माती परीक्षण आहे. २०१५ पासूनच्या जमीन आरोग्य पत्रिकेत सामू आणि लोह धरून १२ घटक येतात. मुक्त चुना मात्र त्या बारात नाही. दरवर्षी त्याच कोपऱ्यात पीक पिवळं पडत असेल तर चुन्याची तपासणी वेगळी सांगून करून घ्यावी लागते. पाणी साचायचं दुखणं असेल तर त्याला बाटली कामाची नाही. चर काढणं, बीबीएफवर पेरणी करणं हाच इलाज.

कागदावर काय लिहिलं जातं?

हा विषय फक्त फवारणीपुरता राहिलेला नाही. एक रुपयात पीकविमा २०२५ च्या खरिपापासून बंद झाला. आता खरिपातल्या सोयाबीनला विमा रकमेच्या २ टक्के हप्ता शेतकऱ्यानं भरायचा आणि भरपाई ठरणार पीक कापणी प्रयोगातल्या मंडळाच्या सरासरी उत्पन्नावर. मंडळाची सरासरी बरी निघाली तर एखाद्याचं शेत मोझॅकनं गेलं तरी त्याच्या हाती काही येत नाही. म्हणजे आपल्या शेतात काय झालंय हे वेळेत ओळखायची गरज आधीपेक्षा वाढली आहे.

सरकारी मदतीचंही तसंच. केंद्राच्या आपत्ती निकषांच्या यादीत दुष्काळ, पूर, गारपीट, ढगफुटी यांच्याबरोबर कीड हल्ला आहे, आणि मदतीसाठी नुकसान ३३ टक्के किंवा जास्त असावं लागतं. २०१७ च्या बोंडअळीच्या वेळी या कीड हल्ल्याच्या नियमाची खूप चर्चा झाली होती. या यादीत पिवळेपणा कुठंच नाही. पंचनाम्यात “पीक पिवळे पडले” एवढंच लिहिलं गेलं, तर ते पाण्यामुळं, किडीमुळं की जमिनीमुळं हे कागदावर येतच नाही. पंचनामा होताना शेतकऱ्यानं सही करण्याआधी कारणाचा रकाना वाचून घ्यावा. पाणी साचल्याचा, माशीचा, उपटलेल्या झाडाचा तारखेसह फोटो जवळ असावा.

गावातल्या ग्रुपवर एक साधा नियम झाला तरी पुष्कळ फरक पडेल. पानाचा एकटा फोटो टाकायचा नाही. सोबत पानाची खालची बाजू, उपटलेल्या झाडाचं मूळ आणि लांबून घेतलेलं शेत, असे तीन फोटो टाकायचे. पेरणीची तारीख, शेवटची फवारणी आणि पाऊस कधी झाला हे लिहायचं. एवढं पाहिल्यावर सहाय्यक कृषी अधिकारी, कृषी विज्ञान केंद्र किंवा विद्यापीठाचे तज्ज्ञ काहीतरी ठाम सांगू शकतात. आणि काउंटरवर कुणी “क्लोरोसिस आहे” म्हणालं, तर पैसे काढायच्या आधी एकच प्रश्न विचारायचा, “ते दिसतंय, पण कशामुळं?”