पंख्याची घरघर आणि आजीचा आवाज



मागच्या वेळी आपण फोनमधल्या जुन्या फोटोंची आवराआवर केली. त्याच फोनमध्ये आणखी एक गोष्ट पडून असते आणि ती सहसा कोणी उघडत नाही. घरातल्या माणसांची रेकॉर्डिंग्ज. आजोबांनी सांगितलेला एखादा किस्सा, मावशीचं गाणं, बाळाचे पहिले बोबडे शब्द. उघडत नाही, कारण उघडलं की आधी ऐकू येतो तो पंखा!

माझ्याकडेही असं एक रेकॉर्डिंग आहे. 2019 चा मे महिना, इंदूरचं आजोळ, डोक्यावर फुल स्पीडवर पंखा. मी फोन पलंगाच्या कडेला ठेवला आणि आजीला म्हटलं, "तू लग्न होऊन इथे पहिल्यांदा आलीस ते सांग ना." ती बावीस मिनिटं बोलली. 1962 साल, बऱ्हाणपूरहून खंडवा, तिथून छोट्या लाइनची गाडी, कालाकुंडनंतरचा घाट, बोगद्यात शिरल्यावर डब्यात झालेला अंधार. पातालपाणीला "गाडी रुकली" आणि सगळे धबधबा बघायला खिडक्यांशी धावले. (इंदूरच्या मराठीत गाडी थांबत नाही, रुकते. पुण्याच्या भावंडांनी हसायचं तेवढं हसून घ्या.)

दोन वर्षांनी आजी गेली. म्हणजे पुन्हा रेकॉर्ड करायचा प्रश्नच नव्हता. जे होतं ते एवढंच.

मागच्या दिवाळीत ठरवलं की हे साफ करून सगळ्या नातेवाइकांना पाठवायचं. त्यासाठी घेतलं ऑडॅसिटी. हे सॉफ्टवेअर पूर्णपणे मोफत आहे, विंडोज, मॅक आणि लिनक्स तिन्हींवर चालतं आणि 2000 सालापासून लोक वापरत आहेत. फोनवर मात्र चालत नाही, लॅपटॉप लागतो. डाउनलोड अधिकृत साइटवरूनच करा. सर्चमध्ये तशाच नावाच्या भलत्या साइट्सही दिसतात.

पहिली अडचण फाइल उघडतानाच येऊ शकते. बऱ्याच फोनचं रेकॉर्डिंग एमफोरए प्रकारात असतं आणि विंडोजवर ते उघडायला ऑडॅसिटीला एफएफएमपेग नावाची जोडफाइल लागते. तीही मोफत आहे. आणि फाइल फोनमधून केबलनेच घ्या. व्हॉट्सॲपनेच पाठवायची असेल तर 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवा, म्हणजे आहे तशी पोहोचते. सगळ्यात आधी मूळ फाइलची एक कॉपी वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवून द्या आणि तिला हात लावू नका. हे मी केलं होतं म्हणून पुढची गोष्ट सांगायला उरली.

आता मुख्य काम. ऑडॅसिटीला आजी कोण आणि पंखा कोण हे माहीत नसतं. ते आपण दाखवायचं. रेकॉर्डिंगमध्ये असा तुकडा शोधायचा जिथे कोणीच बोलत नाही, फक्त पंखा चालू आहे. आजी मध्येच पाणी प्यायला थांबली होती. भांडं खाली ठेवल्याचा आवाज सोडला तर चारेक सेकंद नुसती घरघर. तेवढा भाग माउसने सिलेक्ट केला. मग इफेक्ट मेनू, त्यात नॉइज रिमूव्हल अँड रिपेअर, त्यात नॉइज रिडक्शन. जी खिडकी उघडते तिच्यात 'गेट नॉइज प्रोफाइल' दाबायचं. खिडकी आपोआप बंद होते आणि काहीच झालं नाही असं वाटतं. झालेलं असतं! त्याने पंख्याची ओळख करून घेतलेली असते. आता कंट्रोल आणि ए दाबून सगळं रेकॉर्डिंग सिलेक्ट करायचं, पुन्हा त्याच मेनूतून तीच खिडकी उघडायची आणि आवाज किती डेसिबलनी कमी करायचा तो आकडा द्यायचा.

मी दिला 30. कमीच करायचाय तर पुरता करू, हा हिशोब. पंखा गायब झाला. मी खूश होऊन आईला हेडफोन दिले. तिने अर्धा मिनिट ऐकलं, काढून ठेवले आणि म्हणाली, "पंखा गेला गं, पण ही आई नाही वाटत."

खरंच नव्हती. विहिरीच्या तळातून कोणी बोलावं तसा आवाज, शब्दांच्या मागे बारीक किणकिण, आणि 'स्टेशन'मधला 'स' जवळपास नाहीसा. असं का होतं ते नंतर वाचलं. हे सॉफ्टवेअर आवाजाचे जाड-बारीक असे शेकडो पट्टे करतं. प्रत्येक पट्ट्यात पंखा किती जोरात आहे ते त्याने नमुन्यातून मोजलेलं असतं. त्या पातळीच्या खाली जे येईल ते सगळं दाबायचं, एवढंच त्याला कळतं. आता माणसाचे 'स', 'श', 'फ' हे आवाज मुळात हवेची फुसफुस असतात. हळू बोलणाऱ्या म्हाताऱ्या माणसाची वाक्याच्या शेवटी विरत जाणारी अक्षरंही त्याच पातळीला येतात. पंख्याबरोबर तीही दाबली जातात.

मूळ कॉपी होती, म्हणून पुन्हा सुरुवात केली. या वेळी एक बटण सापडलं, आणि हा लेख खरं तर त्याच्यासाठीच लिहितेय. त्याच खिडकीत खाली 'रिड्यूस'च्या शेजारी 'रेसिड्यू' असा पर्याय असतो. तो निवडून 'प्रिव्ह्यू' दाबला की काय उरणार ते नाही, तर काय फेकलं जाणार ते ऐकू येतं. 30 वर ठेवून ऐकलं, तर कचऱ्यात पंख्याबरोबर आजी बोलत होती. शब्द ओळखू येत होते. आकडा खाली आणत गेले आणि 9 वर फेकण्यात जवळजवळ नुसती घरघर उरली. तिथे थांबले. मग पुन्हा 'रिड्यूस' निवडायचं आणि ओके. तुमचा आकडा वेगळा येईल, साधारण 6 ते 12 च्या आसपास शोधा. (रेसिड्यूवरच ओके दाबू नका. मी दाबलं होतं. कंट्रोल झेडने परत आणता येतं.) अजून कमी हवं असेल तर एकदम मोठा आकडा देण्यापेक्षा छोट्या आकड्याने दोनदा केलेलं बरं. दुसऱ्या वेळी पंख्याचा नमुना नव्याने द्यायचा.

एक भ्रम मात्र काढून टाका. ही युक्ती फक्त एकसारख्या चालणाऱ्या आवाजावर चालते: पंखा, कूलर, एसी, फ्रिज. कुकरची शिट्टी, रस्त्यावरचा हॉर्न, शेजारचा टीव्ही, मध्येच बोलणारे काका यांचं काही होत नाही. आमच्या पंख्याची घरघर खाली गेली, पण दर फेऱ्याला होणारं टक-टक तसंच राहिलं. चटकन संपणारे असे आवाज दोन शब्दांच्या मध्ये असतील तर तेवढा तुकडा सिलेक्ट करून शांत करता येतो. शब्दावरच पडले असतील तर सोडून द्या. आणि जमिनीतून यावी तशी 'हूं' अशी घुमघुम असेल, तर इफेक्टमधलाच 'हाय पास फिल्टर' 80 हर्ट्झवर लावून बघा. आपल्याकडची वीज 50 हर्ट्झची, त्यामुळे तिची मूळ घुमघुम याच्या खाली येते आणि बोलण्याला फारसा धक्का लागत नाही.

शेवटी फाइल मेनूतून एक्सपोर्ट. नातेवाइकांना पाठवायला एमपीथ्री आणि स्वतःकडे जपायला वॅव्ह. नुसतं सेव्ह केलं तर ऑडॅसिटीची स्वतःची प्रोजेक्ट फाइल बनते आणि ती मामाच्या फोनवर उघडत नाही.

मामाला पाठवलेलं पोहोचलं तेव्हा त्याचा फोन आला. गाडीबद्दल, बोगद्याबद्दल बोलला, मग म्हणाला, "मागे तो खालच्या खोलीतला पंखा आहे ना गं?" मी हो म्हटलं.

तुमच्या घरी आजी-आजोबा असतील तर या रविवारी बसा त्यांच्याजवळ. मे महिन्यात पंखा बंद करा म्हणू नका, कोणी बोलणार नाही. फोन जवळ ठेवा. तोंडापासूनचं अंतर निम्मं केलं की त्यांचा आवाज साधारण 6 डेसिबलनी वाढतो आणि पंखा तेवढाच राहतो. म्हणजे सॉफ्टवेअरचा एक हलका हात तिथेच मारून झाला. फोन गादीवर नको, घडी केलेल्या टॉवेलवर ठेवा. आणि प्रश्न विचारण्याआधी पाच सेकंद सगळ्यांनी गप्प बसा. माझ्या नशिबाने आजीला तहान लागली होती, तुम्ही त्या भरवशावर राहू नका.