लुगड्यापासून पँटपर्यंत



राजगुरुनगरला जुनी माणसं अजून खेडच म्हणतात. त्यांच्या आठवणीतली बाई नऊवारी लुगड्यातली. सणाला इरकल आणि खणाची चोळी. इरकल कर्नाटकातल्या इलकलचं, खण त्याच मुलखातल्या गुळेदगुड्डचा. काष्टा घातला की पाय मोकळे. भाताची लावणी करा की डोंगरावरून मोळी आणा, लुगडं आड येत नसे. विरलं की त्याचीच गोधडी होई.

पुढे मुली शाळेत, नोकरीला जाऊ लागल्या आणि सहावारी गोल साडी घरात आली. तीन वार कापड वाचलं, परकराची भर पडली. नायलॉन आलं; ते झटकन वाळे, पण चुलीजवळ पेटलं तर वितळून अंगाला चिकटे. गोल साडीला तेव्हा नावं ठेवली गेली. आज चाकणच्या कारखान्यात जाणाऱ्या लेकीच्या पँटला ठेवतात.

काम बदललं की पेहराव बदलतो, एवढंच. मळणीयंत्रात पदर अडकून बायकांचे जीव गेले आहेत. म्हणून यंत्राजवळ पदर घट्ट खोचा, वरून घरधन्याचा जुना शर्ट घाला, ओढणी काढून ठेवा, केस बांधा. आणि सुनेने सोयीचे कपडे घातले, तर तिला बोल लावू नका. शोभेपेक्षा जीव मोठा.