वाट अडविणाऱ्याचा भागीदार

शेताची वाट अडली की गावचे पुढारी त्याला दोन शेजाऱ्यांचा घरगुती तंटा म्हणतात आणि तहसील कचेरी पुढची तारीख देते. आमच्या मते हा तंटा बांधाचा नसून सत्तेचा आहे. कन्नड तालुक्यात मका, कापूस आणि अद्रक यांवर संसार चालविणाऱ्या लहान शेतकऱ्याची वाट ज्याने नांगरून टाकली, त्याने एक गुंठाही न बळकावता त्याची सारी जमीन निकामी केली. भर पावसाळ्यात खताचे पोते डोक्यावर घेऊन चिखल तुडवावा लागतो; काढलेली अद्रक शेतातच पडून राहते, कारण तेथवर ट्रॅक्टर येत नाही. अखेर तो शेत विकावयास निघतो, आणि वाट अडविणाऱ्यावाचून त्या शेताला दुसरे गिऱ्हाईक कोठून मिळणार?

कायद्याची उणीव आहे असे कोणी म्हणू नये. 1906 च्या मामलेदार न्यायालय अधिनियमाचे कलम 5 वहिवाटीची अडविलेली वाट मोकळी करण्याचा अधिकार तहसीलदाराला देते. मात्र अडथळा झाल्यापासून 6 महिन्यांत दावा दाखल व्हावा लागतो. ज्याला वाटच नाही त्याच्यासाठी 1966 च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम 143 आहे. त्यानुसार इतरांच्या बांधावरून वाट मिळते. 1882 च्या सुविधाधिकार कायद्याने 20 वर्षांच्या उघड, अखंड वहिवाटीतून हक्कच निर्माण होतो आणि दिवाणी न्यायालयात मनाई हुकूम मागता येतो.

पण कोणते कलम कोणासाठी, हे अडाणी अर्जदाराला सांगावयाचे कोणी? चुकीच्या कलमाखालचा अर्ज फेटाळला जाईपर्यंत 6 महिने उलटतात आणि मामलेदाराचे दार बंद होते. मुदत आहे ती पीडिताला! मे 2025 मध्ये शासनाने शेतरस्त्याचे अर्ज 90 दिवसांत निकाली काढण्याचे व रस्त्याची नोंद सातबाऱ्यावरील इतर हक्कांत घेण्याचे फर्मान काढले. ते स्वागतार्ह आहे. परंतु जूनमध्ये अडलेल्या वाटेचा निर्णय मुदतीत लागला तरी सप्टेंबर उजाडतो. पेरणी गेली, कोळपणी गेली. मग निकालपत्र काय शेतात पेरावयाचे?

विलंब हे बलवंताचे जुने शस्त्र आहे. महाडच्या चवदार तळ्याचा दावा डिसेंबर 1927 मध्ये दाखल झाला. उच्च न्यायालयाचा निकाल लागला मार्च 1937 मध्ये. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण अन्याय करणाऱ्याच्याच पथ्यावर पडते.

‘जमीन माझी, वाट मी का द्यावी?’ असे विचारणाऱ्याचा मालही दुसऱ्यांच्या शेतांलगतच्या रस्त्यानेच बाजारात जातो. म्हणूनच संहितेने वाट बांधावरून दिली आहे. नुकसान कमीत कमी व्हावे, हा तिचा हेतू आहे.

आमची मागणी साधी आहे. अर्ज येताच आठवड्यात स्थळपाहणी व पंचनामा व्हावा. कलम चुकले तर अर्ज फेटाळू नये, दुरुस्त करून घ्यावा. गावनकाशावरील गाडीवाटा व पायवाटा चावडीवर जाहीर कराव्यात आणि खरिपापूर्वी मोकळ्या कराव्यात. हुकूम झाला, तर अंमलबजावणीसाठी अर्जदाराला पुन्हा खेटे घालावयास लावू नये. एवढेही करावयाचे नसेल, तर तहसील कचेरी वाट अडविणाऱ्याची भागीदार आहे, असेच शेतकऱ्यांनी समजावे आणि त्याचा जाब संघटितपणे कचेरीच्या दारात विचारावा.