पडद्यामागील शिक्षिका

मुलीला पदवीपर्यंत शिकवावें, हें आतां सर्वमान्य झालें आहे; परंतु घरांत आलेल्या सुनेनें पुढें शिकावें कीं नाहीं, असा प्रश्न निघाला म्हणजे सुशिक्षित घरांतील वडील मंडळीही घुटमळतात. अशा घरांनीं श्रीमती विजया मुळे यांचें चरित्र अवश्य पाहावें.

विजयाबाईंचा जन्म १९२१ सालीं मुंबईस झाला. विवाहानंतर त्या पाटण्यास गेल्या. प्रांत परका, भाषा परकी; तरी संसार सांभाळून त्यांनीं तेथें पदवी संपादन केली आणि १९४६ सालीं शिष्यवृत्ती मिळवून शिक्षणशास्त्राच्या अभ्यासासाठीं इंग्लंडांतील लीड्स विद्यापीठ गांठलें. चित्रपट हें शिक्षणाचें साधन होऊं शकतें, हा विचार त्यांनीं पुढें जन्मभर जोपासला.

कन्या सुहासिनी, जी पुढें अभिनेत्री म्हणून नांवारूपास आली, अवघी तीन वर्षांची असतां पतीचें निधन झालें. अशा वेळीं अंगावरचे दागिने किती दिवस पुरणार? विद्या मात्र पुरून उरली. त्यांनीं सरकारी शिक्षण खात्यांत नोकरी धरली. १९५९ सालीं सत्यजित राय यांच्या अध्यक्षतेखालीं फिल्म सोसायट्यांचा अखिल भारतीय संघ निघाला, त्याच्या संस्थापकांत त्या होत्या. पुढें हुगळी नदींत शिरणाऱ्या भरतीच्या लाटेवर त्यांनीं माहितीपट काढला.

१९७४ सालचा ‘एक अनेक और एकता’ हा त्यांचा लहानसा बोलपट. जाळ्यासकट उडून जाणाऱ्या पक्ष्यांची आपली जुनीच गोष्ट त्यांत चित्ररूपानें सांगितली आहे. त्यास राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि दूरदर्शनमुळें त्यांतील गीत बुलढाण्यापासून पाटण्यापर्यंत मुलांच्या तोंडीं बसलें. १९७५-७६ सालीं उपग्रहाच्या द्वारें सहा राज्यांतील सुमारें २,४०० खेड्यांत दूरचित्रवाणी पोंचविण्याचा प्रयोग झाला. त्यासाठीं मुलांचे शैक्षणिक चित्रपट तयार करण्याचें कामही त्यांच्याकडे होतें. २०१९ सालीं, वयाच्या ९८व्या वर्षीं, त्यांचें देहावसान झालें.

तें गीत ठाऊक असलेल्या कित्येकांस त्या बोलपटामागील बाईंचें नांव ठाऊक नाहीं. माहितीपट करणारा पडद्याआडच राहतो, त्यास इलाज नाहीं. परंतु आपल्या घरांतील सुनेची बुद्धि स्वयंपाकघराच्या पडद्याआड राहावी, यास मात्र इलाज आहे. सून घरीं येते तेव्हां तिच्यासाठीं आपण एक कपाट रिकामें करतों. अभ्यासासाठीं तिचे रोजचे दोन तासही तसेच रिकामे करून द्यावेत.