गुणवही मालकाच्या कपाटात

समाजवादी चळवळीत खेळ हा विषय फारसा चर्चिला जात नाही, आणि मोबाइलवरच्या गोळीबाराच्या खेळांचा तर विटाळच मानला जातो. शिबिराच्या मधल्या सुटीत एखादा तरुण कार्यकर्ता ‘बीजीएमआय’ उघडून बसला की ज्येष्ठांच्या कपाळाला आठी पडते. तरुणांना गुंगीत ठेवण्यासाठी भांडवलशाहीने काढलेली ही नवी दारू आहे, एवढे बोलून ते विषय संपवतात. व्यसनाचा प्रश्न खोटा नाही. पण तेवढ्याने विषय संपत नाही. कारण खेळ आटोपल्यावर तो तरुण जे पाहतो ते ज्येष्ठांनी कधी पाहिलेले नसते. तो पाहतो स्वतःचे आकडे.

किती बळी घेतले, किती वेळा मेलो, नेम किती टक्के डोक्यावर लागला, दर सामन्यात किती इजा केली, शंभरांत किती डाव जिंकले, आणि या सर्वांतून आपली श्रेणी कोणती ठरली. बळी भागिले मृत्यू या प्रमाणाला खेळाडू ‘केडी’ म्हणतात. हे आकडे खेळातच दिसतात; शिवाय ते गोळा करून मांडणारी ट्रॅकर नेटवर्क, लीटिफाय, एचएलटीव्ही यांसारखी स्वतंत्र संकेतस्थळे आहेत. अनोळखी खेळाडूला संघात घेण्यापूर्वी त्याची केडी विचारली जाते, जसा सोयरिकीपूर्वी मुलाचा पगार विचारला जातो. लक्षावधी तरुणांना रोज क्रमांक देणारी ही यंत्रणा एखाद्या विद्यापीठाची वा सरकारी खात्याची असती, तर चळवळीने तिच्यावर केव्हाच ठराव केला असता.

या आकड्यांभोवती एक तत्त्वज्ञान उभे राहिले आहे, आणि ते चळवळीच्या जुन्या ओळखीचे आहे. येथे जात विचारली जात नाही, वशिला चालत नाही, सर्वांच्या हाती तीच बंदूक आणि पायांखाली तोच नकाशा. तेव्हा ज्याचा आकडा मोठा तो गुणी, ज्याचा लहान तो नालायक. १९९० साली मंडल आयोगाच्या शिफारशींवरून रण माजले, तेव्हा ‘गुणवत्ता’ हा शब्द ज्या ऐटीत उच्चारला गेला, त्याच ऐटीत तो येथे उच्चारला जातो. फरक इतकाच की, त्या वेळी वाद घालणारे पुष्कळ होते. येथे सोळा वर्षांचा मुलगा एकट्याने पडद्यासमोर बसून आपण ‘ब्राँझ’ लायकीचे आहोत असे मान्य करतो.

म्हणून प्रथम या आकड्यांचा अर्थ तपासला पाहिजे. समोरासमोरच्या लढतीत एकाचा बळी म्हणजे दुसऱ्याचा मृत्यू. स्वतःच्या हाताने वा कड्यावरून पडून मेलेले सोडले, तर सर्वांचे बळी आणि सर्वांचे मृत्यू यांची बेरीज सारखीच येते. म्हणजे संपूर्ण समुदायाचे प्रमाण एकाच्या वर जाऊच शकत नाही. कोणाचे दोन असेल तर ते कोणाच्या तरी अर्ध्यातून आलेले असते. शंभर जणांना बेटावर उतरवून शेवटी एकालाच जिवंत ठेवणाऱ्या खेळात तर हे अधिक उघड आहे. एकेकट्याने खेळल्यास विजयाची सरासरी शंभरांत एक. चौघांचे पंचवीस संघ असल्यास शंभरांत चार. त्यामुळे नव्व्याण्णव डाव हरलेला मुलगा खचून जातो तेव्हा तो नेमका सरासरी खेळाडू असतो, पण हे त्याला कोणी सांगत नाही. उलट खालच्या पायऱ्यांवर मैदान भरण्यासाठी यंत्रचलित बाहुले, म्हणजे बॉट, सोडलेले असतात. ते मरण्यासाठीच असतात, आणि त्यांना मारून फुगलेल्या केडीवर नवखा फुशारतो. सरासरी राष्ट्रीय उत्पन्नाच्या आकड्याने ज्या देशाची इतकी वर्षे दिशाभूल केली, तेथील कार्यकर्त्यांना ही जादू समजावून सांगण्याची गरज नसावी.

दुसरी गफलत तुलनेची. हे खेळ तुल्यबळ प्रतिस्पर्धी शोधून देतात. खेळाडू सुधारला की त्याच्यापुढे अधिक चांगले प्रतिस्पर्धी येतात आणि त्याची केडी पुन्हा एकाच्या आसपास येऊन थांबते. खालच्या श्रेणीतला १.३ आणि वरच्या श्रेणीतला ०.९५ यांना समोरासमोर उभे केले, तर बहुधा दुसराच जिंकेल. किंमतींचा निर्देशांक न लावता १९७० ची मजुरी आणि आजची मजुरी यांची तुलना करणाऱ्याला अर्थशास्त्राच्या पहिल्या वर्षालाही कोणी उत्तीर्ण करणार नाही. येथे मात्र तीच तुलना दिवसरात्र चालते.

तिसरी गफलत नमुन्याची. वीस डावांत बारा जिंकले म्हणून साठ टक्क्यांचा डंका पिटला जातो. पण नाणे वीस वेळा उडवले तरी बारा किंवा अधिक छापे सुमारे चारांत एकदा पडतातच. तेच साठ टक्के दोनशे डावांनंतर टिकले असतील तर मात्र बोलण्यासारखे काही आहे. निव्वळ दैवाने तसे घडण्याची शक्यता हजारात तिनाच्या आसपास उरते.

आता ‘सर्वांच्या हाती तीच बंदूक’ या दाव्याकडे वळू. बंदूक तीच असेल, पण ती दाखवणारा पडदा तोच नसतो. सेकंदाला साठ चित्रे दाखवणाऱ्या पडद्यावर दोन चित्रांमध्ये १६.७ मिलिसेकंद जातात, एकशे चव्वेचाळीस चित्रांच्या पडद्यावर ६.९, दोनशे चाळीसच्या पडद्यावर ४.२. कोपऱ्यावरून डोकावणारा शत्रू कोणाला आधी दिसणार हे त्रैराशिक आहे. स्वस्त फोनला सेकंदाला तीस-चाळीस चित्रांवर भागवावे लागते, आणि नव्वद चित्रांची सोय निवडक फोनांवरच खुली असते. अंतराचेही तसेच. ‘व्हॅलोरंट’ जून २०२० मध्ये बाजारात आले. मुंबईत त्याचे सर्व्हर बसेपर्यंत येथील खेळाडूंची प्रत्येक गोळी सिंगापूरला जाऊन परतत होती. या साऱ्याची कबुली शोधायला फार दूर जावे लागत नाही. चित्रसंस्करणाचे पत्ते बनवणाऱ्या एनव्हिडिया कंपनीने २०१९ मध्ये आलेख छापून जाहिरात केली की, ज्यांच्याकडे वेगवान पत्ते आणि पडदे आहेत त्यांची केडी अधिक आहे. (जे अधिक खेळतात तेच महाग यंत्र घेतात, हा खुलासा अर्थातच जाहिरातीच्या उपयोगाचा नव्हता.) विकणारा सांगतो की पैशाने केडी वाढते, आणि ज्याला विकले तो सांगतो की केडी म्हणजे गुणवत्ता. दोघेही एकाच दुकानात उभे आहेत.

आकडा ध्येय बनला की तो मोजण्याच्या कामातून बाद होतो, या अर्थाचा नियम चार्ल्स गुडहार्ट या ब्रिटिश अर्थशास्त्रज्ञाने १९७५ मध्ये चलनधोरणाच्या संदर्भात मांडला. क्रिकेट पाहणाऱ्या महाराष्ट्राला तो गुडहार्टच्या आधीपासून ठाऊक आहे: संघ बुडत असताना स्वतः नाबाद राहून सरासरी जपणारा फलंदाज प्रत्येक मैदानावर होऊन गेला. या खेळांतही ठाणे ताब्यात घेण्याचे काम सहकाऱ्यांवर सोडून आडोशाला बसणारा, केडी घसरू लागली की डाव सोडून जाणारा खेळाडू पावलोपावली भेटतो. याहून पुढची पायरी म्हणजे आकड्याची खरेदी-विक्री. पैसेवाल्याच्या खात्यावर दुसऱ्याने खेळून त्याची श्रेणी वर चढवून द्यायची, असा धंदाच उभा राहिला. दक्षिण कोरियाने डिसेंबर २०१८ मध्ये कायदा दुरुस्त करून या धंद्याला दोन वर्षांपर्यंतच्या कैदेची शिक्षा ठरवली. ज्या आकड्याला रोजंदारीवर कमावता येते, तो आकडा वाहणाऱ्याच्या गुणांचा पुरावा कसा?

परंतु येथवरचे दोष समंजस वाचनाने टाळता येतील. खरा प्रश्न मालकीचा आहे. क्रिकेटच्या नियमांत दोन गुणलेखकांची तरतूद आहे. दोघांच्या वह्या पडताळून पाहिल्या जातात आणि त्यांच्या बरोबरपणाची जबाबदारी पंचांवर असते. बुद्धिबळातील मानांकनाची पद्धत मिलवॉकीच्या आर्पाड एलो या भौतिकशास्त्राच्या प्राध्यापकाने बसवली. अमेरिकी संघटनेने ती १९६० मध्ये आणि जागतिक महासंघाने १९७० मध्ये स्वीकारली. कोणत्याही खेळाडूने कागद-पेन्सिल घेऊन आपला आकडा तपासावा, इतकी ती उघडी आहे. दांडेकर आणि रथ यांनी १९७१ मध्ये दारिद्र्याचे मोजमाप मांडले तेव्हा त्यांच्या रेषेवर कडाडून टीका झाली. ती होऊ शकली, कारण आकडे कोठून घेतले आणि रेषा कशी ओढली हे टीकाकारांसमोर होते.

या खेळांत मैदानाचा मालक, पंच, गुणलेखक आणि मैदानाबाहेरचा सरबतवाला एकच असतो. वही एक, तीही त्याच्या कपाटात. खेळाडूला दिसते ती श्रेणी. सामना जुळवताना मात्र दुसराच, लपवलेला आकडा वापरला जातो. ‘व्हॅलोरंट’ची कंपनी दिसणारी श्रेणी आणि लपलेले मानांकन वेगळे असल्याचे स्वतःच सांगते. पूर्वीच्या गिरणीत जॉबरच्या वहीत काय लिहिले जाते हे मजुराला कळत नसे; पण निदान जॉबर कोण हे तरी त्याला ठाऊक असे.

लपलेल्या आकड्याचा उपयोग काय होऊ शकतो, याचे दोन कागद उपलब्ध आहेत. २०१७ मध्ये इलेक्ट्रॉनिक आर्ट्सच्या आणि अमेरिकी विद्यापीठांतल्या संशोधकांनी मिळून एक निबंध प्रसिद्ध केला. त्याचे सूत्र असे की, तुल्यबळांची जोडी हीच सर्वोत्तम जोडी असे नाही. खेळाडू खेळ सोडून जाण्याची शक्यता ज्या जोडीने कमी होईल ती सर्वोत्तम. म्हणजे हार-जीत कोणत्या क्रमाने वाट्याला आली तर हा टिकेल, याचा हिशेब. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘कॉल ऑफ ड्यूटी’च्या ॲक्टिव्हिजन कंपनीला एक पेटंट मिळाले. त्यात नवख्याला मुद्दाम अशा तरबेज खेळाडूसमोर आणण्याची कल्पना आहे की, त्याच्या हातातले विकाऊ शस्त्र पाहून नवख्याला ते घ्यावेसे वाटावे. आणि घेतल्यावर ते शस्त्र चालेल अशा सामन्यात त्याला बसवावे, म्हणजे खरेदी सार्थकी लागल्याचे समाधान मिळेल. ही पद्धत कोणत्याही खेळात वापरलेली नाही, असे कंपनीने तेव्हा सांगितले. ते खरेही असेल. मुद्दा असा की, ते खरे आहे की नाही हे कंपनीखेरीज पृथ्वीतलावर कोणालाही तपासता येत नाही.

येथे चळवळीने एका सापळ्यापासून सावध राहावे. तुल्यबळ जुळणीविरुद्ध सर्वांत मोठा आवाज करतात ते नामांकित, प्रेक्षकांसमोर खेळून पैसे मिळवणारे खेळाडू. त्यांची तक्रार गुप्ततेविषयी कमी आणि दुबळे बळी मिळत नाहीत याविषयी अधिक असते. त्यांच्या केडीचे तीन कोणाच्या तरी पाव-अर्ध्यातून यायचे असतात, हे वरचे गणित आठवावे. ॲक्टिव्हिजनने २०२४ च्या जुलैमध्ये प्रयोगाचे निष्कर्ष छापले. कौशल्याचा विचार सैल केल्यावर वरचा दहावा भाग सोडून उरलेल्या खेळाडूंचे खेळाकडे परतण्याचे प्रमाण घटले. तेव्हा दुबळ्यांना संरक्षण हवे, यात शंका नाही. गिरणीमालकाने स्वतःच्या फायद्यासाठी उपाहारगृह काढले म्हणून कोणी ते बंद करा असे म्हणत नाही. त्यावर कामगारांची देखरेख असावी असे म्हणतो. नामांकितांच्या मागे लागून ‘जुळणी बंद करा’ ही घोषणा देणे म्हणजे जमीनदाराच्या मोर्चात कुळांनी झेंडे धरणे होय.

भारतात हा प्रश्न आता करमणुकीपुरता राहिलेला नाही. ऑगस्ट २०२५ च्या ऑनलाइन खेळविषयक केंद्रीय कायद्याने पैशांच्या डावांवर बंदी घातली, ती योग्यच झाली. आणि त्याच कायद्याने ई-स्पोर्ट्सना क्रीडाप्रकार म्हणून मान्यता दिली. म्हणजे निवड, बक्षिसे आणि पुढे कदाचित शिष्यवृत्त्याही येणार, आणि त्या याच आकड्यांवर ठरणार. असे असता सामने कसे जुळवले जातात, श्रेणी कशी काढली जाते, हे उघड करण्याची सक्ती त्या कायद्यात नाही. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याने आपली माहिती मागण्याचा आणि दुरुस्त करून घेण्याचा हक्क दिला आहे, आणि कलम ९ मध्ये अठरा वर्षांखालील मुलांच्या वर्तनावर पाळत ठेवण्यास मनाई केली आहे. मात्र नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झालेल्या नियमांनी मुख्य तरतुदींना अठरा महिन्यांची मुदत दिली. या मुदतीत कंपन्यांचे वकील स्वस्थ बसणार नाहीत. लपलेले मानांकन ही खेळाडूची माहिती नसून आमचे व्यापारी गुपित आहे, हा युक्तिवाद ते करतीलच.

त्यापूर्वी युवक संघटनांनी मागण्या नेमक्या शब्दांत मांडायला हव्यात. लपलेले मानांकन ही खेळाडूचीच वैयक्तिक माहिती समजावी आणि मागणी करताच ती त्याला मिळावी. जुळणीचे सूत्र, निदान त्यात कोणते घटक धरले जातात आणि खरेदीचा इतिहास त्यांत आहे की नाही, हे जाहीर व्हावे व स्वतंत्र तपासनिसाला खुले असावे. आकडे इतरांना दाखवायचे की नाही हे खेळाडूने ठरवावे. ‘ओव्हरवॉच’ने २०१८ मध्ये खेळाडूंची पाने मुळातच झाकलेली ठेवण्याची सोय केली, तेव्हा हे अशक्य नाही. मान्यताप्राप्त स्पर्धांत सर्वांना सारखी यंत्रे पुरवावीत आणि निवड खासगी खात्याच्या श्रेणीवर न करता खुल्या चाचणी सामन्यांतून व्हावी. आणि अठरा वर्षांखालच्या मुलांची जुळणी ‘हा किती काळ टिकेल’ या हिशेबाने करणे कलम ९ खालील पाळत समजावे, असे केंद्र सरकारने स्पष्ट करावे. या मागण्यांचा मसुदा करायला शिबिरातला तो मधल्या सुटीत खेळणारा तरुणच सर्वांत योग्य आहे. कपाटात काय आहे याचा थोडाफार अंदाज असलेला तेथे तो एकटाच असतो.