बाळ फार ‘गुणी’ झाले तर

धानाची रोवणी सुरू झाली की आमच्या आरमोरीकडे घरातले सारे हात बांधीत गुंततात. घरी उरतात बाळंतीण, बाळ आणि सोबतीला एखादी आजी. आठ दिवसांचे लेकरू दुपारभर रडले नाही, तर आजीला बरेच वाटते. “मोठं गुणी हाय, तरास म्हणून नाही,” असे ती शेजारणीला कौतुकाने सांगते. मायबहिणींनो, आज याच गुणीपणाबद्दल लिहायचे आहे, कारण कालपर्यंत टाहो फोडणारे बाळ आज एकाएकी शांत झाले, तर ते दुखण्याचे लक्षण असू शकते.

मोठ्या माणसाला जंतूंची बाधा झाली की ताप भरतो, हुडहुडी भरते; घरभर कळते. महिन्याच्या आतील बाळाचे तसे नाही. नाळेतून, कातडीवरच्या फोडातून किंवा छातीतून जंतू रक्तात शिरतात व अंगभर पसरतात. डॉक्टर याला सेप्सिस म्हणतात. अशा बाळाचे अंग तापेलच असे नाही. पुष्कळदा ते गार पडते. रडण्याचा आवाज बारीक होतो, दूध ओढणे कमी होते किंवा थांबते, हातपाय लुळे पडतात, बाळ उठवले तरी नीट जागे होत नाही. पोट फुगते, उलट्या होतात. श्वास घेताना छातीचा खालचा भाग आत ओढला जातो. कधी बेंबीला पू दिसतो.

या दुखण्यावर आपल्या गडचिरोली जिल्ह्यात फार मोठे काम झाले आहे. डॉ. अभय बंग व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने १९९५ पासून ३९ गावांत गावच्याच बायकांना नवजात बाळ तपासायला शिकवले. या बायका पाचवी ते दहावीपर्यंत शिकलेल्या. ठरवून दिलेल्या लक्षणांवरून त्या सेप्सिस ओळखत, आईबापांना समजावत आणि दवाखान्यात जाणे जमत नसेल तर घरीच जेंटामायसिनचे इंजेक्शन व पोटात औषध देत. खेड्यातल्या बाईच्या हातात सुई कशी द्यायची, अशी शंका शहरात पुष्कळांनी घेतली. उत्तर आकड्यांनी दिले. पूर्वी सेप्सिस झालेल्या शंभर बाळांपैकी सोळा-सतरा दगावत. हे उपचार सुरू झाल्यावर तीनाच्या आत. १९९९ साली हे काम ‘लॅन्सेट’ या इंग्लंडच्या वैद्यकीय पत्रिकेत छापून आले, आणि २०११ पासून देशभर आशाताई नवजात बाळाच्या घरी भेटी देऊ लागल्या. माझ्या मते या कामातले खरे औषध इंजेक्शनाइतकेच रोज बाळाकडे नीट पाहणारे डोळे हेही होते.

असे पाहणे घरच्यांनाही जमते. दवाखान्यात बाळंतपण झाले तरी आशाताई तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या व बेचाळिसाव्या दिवशी येते. मधले दिवस तुमचेच. रोज सकाळ-संध्याकाळ बाळाला उजेडात घ्या व उघडून पाहा. अंधाऱ्या खोलीत गुंडाळून ठेवलेल्या बाळाची बेंबी कोणाला दिसणार? तळहाताची मागची बाजू आधी पोटाला, मग तळपायाला लावा. पोट ऊबदार आणि पाय गार, तर बाळाला थंडी लागते आहे. पोटही गार, तर गोष्ट गंभीर आहे.

श्वास मोजायचा तो बाळ शांत असताना, पूर्ण एक मिनिट. आकडे येत नसलेल्या सुइणींसाठी बंगांनी मण्यांचे साधन केले होते: दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. घरी धानाचे दाणे घ्या. एकाने मोबाईलमध्ये मिनिट धरावे, दुसऱ्याने दर दहा श्वासांना एक दाणा बाजूला काढावा. मिनिट संपायच्या आत सहावा दाणा निघाला तर श्वास जलद आहे. थोडे थांबून पुन्हा एकदा मोजा. तसेच आले तर समजून चला.

आशाताई औषध ठरवण्यासाठी लक्षणांचा मेळ पाहतात, पण तिला बोलावण्यासाठी तुम्हाला एकच लक्षण पुरे आहे. दूध पूर्ण सुटले असेल किंवा बाळ जागे होत नसेल तर कोणाचीही वाट न पाहता १०८ ला फोन करा. रात्र आहे, पाऊस आहे, उद्या पाहू, असे म्हणू नका. पावसाळ्यात गाढवी व खोब्रागडीला पूर येतो, हे तर आपल्याला ठाऊकच आहे. नाल्यापलीकडच्या गावांनी पाणी चढण्याआधीच निघावे.

वाटेत बाळ आईच्या उघड्या छातीशी, लुगड्याच्या किंवा चादरीच्या आत राहू द्या. डोक्याला टोपी घाला. गिळत असेल तर आईचे दूध काढून वाटी-चमच्याने थोडे थोडे पाजा. गिळत नसेल तर तोंडात काही घालू नका. गुटी, मध, पाणी नको. बेंबीवर राख, शेण, तेल नको. फुगलेल्या पोटावर डाग तर मुळीच नको. जळलेली कातडी म्हणजे जंतूंना आणखी एक दार.

दवाखान्यात परिचारिका विचारील ते आधीच आठवून ठेवा: शेवटचे दूध कधी प्यायले, लघवी कधी झाली, कोणते लक्षण आधी दिसले. माता-बाल संरक्षण कार्ड सोबत घ्या. सरकारी दवाखान्यात आजारी बाळाचे औषध, तपासणी व नेआण मोफत आहे. आरमोरीच्या उपजिल्हा रुग्णालयातून पुढे गडचिरोलीला पाठवले तर कुरकुर न करता जावे.

एक गोष्ट बापमंडळींसाठी. तिसऱ्या दिवशी बाळ दूध ओढू लागते, रडू लागते, आणि इकडे रोवणी खोळंबलेली असते. मग सही करून बाळ घरी आणले जाते. इंजेक्शने साधारण सात ते दहा दिवस चालतात. अर्ध्यावर सोडली तर उरलेले जंतू पुन्हा डोके काढतात, आणि तेव्हा बाळाच्या अंगात आधीइतकी ताकद नसते. मजूर चार दिवस जास्त लावावे लागले तरी लावा. आणि या धावपळीत बाळंतिणीला ताप आला, ओटीपोट दुखले किंवा अंगावरून घाण वासाचे जाऊ लागले, तर तेही त्याच परिचारिकेला सांगा. जंतूंची बाधा आईलाही होते, आणि पुष्कळदा ती लाजेने बोलत नाही.