देवाचा सातबारा

गावच्या मारुतीला, खंडोबाला किंवा ग्रामदेवीला जमीन कशासाठी लावून दिली, हे जुन्या सनदांत सरळ लिहिलेले असते: दिवाबत्ती, पूजा-नैवेद्य, उत्सव. दिव्याला तेल कमी पडू नये म्हणून कुणी तरी शेत तोडून दिले. आज त्याच देवळाचे लाइटबिल वर्गणीतून भरले जाते आणि शेत नेमके कोणत्या गटात आहे, हे विश्वस्तांनाही सांगता येत नाही. यंदाच्या दिवाळी अंकाचा विषय आम्ही ‘देवाची जमीन’ ठेवला, तो यासाठीच.

हा विषय निघाला की लगेच दोन तट पडतात. एक म्हणतो, सरकारने देवळे लुटली; दुसरा म्हणतो, देवळांनी सरकारी जागा बळकावल्या. दोघांच्याही घोषणा तयार असतात, फेरफार मात्र कुणीच वाचलेले नसतात.

महसूल दफ्तरात या जमिनी ‘इनाम वर्ग 3’ म्हणून ओळखल्या जातात. स्वातंत्र्यानंतर जात-इनामे गेली, कुलकर्णी-पाटलांची वतने गेली; देवस्थान इनाम तेवढे टिकले. त्यातही दोन प्रकार आहेत. कुठे जमीनच देवाला दिलेली, तर कुठे फक्त तिचा सारा. पहिल्यात मालक देव, दुसऱ्यात जमीन कसणाऱ्याची. सनद हरवली की हा फरकही हरवतो आणि मग वकिलांची दिवाळी होते.

जमीन जाते कशी, ते पाहा. सातबारावर मालक म्हणून देवाचे नाव आणि खाली वहिवाटदार म्हणून गुरवाचे. गुरव वारतो, वारसांची नोंद होते. पुढच्या पिढीत भाऊ वाटण्या करतात, तलाठी फेरफार ओढतो. एखाद्या पुनर्लेखनात वरचे देवाचे नाव ‘इतर हक्कां’त सरकते, नाही तर गळूनच पडते. एवढ्यात शहराची हद्द वाढत वाढत शेतापर्यंत येते, विकास आराखड्यात तिथे रस्ता किंवा बगीचा दाखवला जातो, आणि मोबदला कुणाचा यावर पालिका, विश्वस्त आणि वारस असे तिघे कोर्टात उभे राहतात. खरे तर अशी जमीन विकायला महसूल खात्याची परवानगी लागते आणि 1950 च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याच्या कलम 36 प्रमाणे धर्मादाय आयुक्तांचीही. तरीही नोटरीच्या कागदावर गुंठे विकले जातात, हे जमिनीच्या व्यवहारात वावरणाऱ्या कुणाला सांगायला नको.

गुरवाला खलनायक ठरवणे सोपे आहे. पण पिढ्यान्‌पिढ्या कसलेल्या या जमिनीवर बँक पीककर्ज देताना हात आखडते आणि पूजा मात्र चुकवून चालत नाही, हीही वस्तुस्थिती आहे.

कायद्याच्या लेखी देव ही व्यक्ती, पण कायमची अज्ञान. तिच्या वतीने कुणाला तरी पाहावे लागते. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर 2021 मध्ये मध्य प्रदेशातील पुजाऱ्यांच्या प्रकरणात सांगितले, की जमिनीचा मालक देव, पुजारी केवळ व्यवस्थापक. मालकाच्या रकान्यात त्याचे नाव नको. त्याच निकालात आणखी एक वाक्य आहे, ज्याची चर्चा फारशी झाली नाही: मंदिर शासनाकडे निहित नसेल, तर व्यवस्थापक म्हणून जिल्हाधिकाऱ्याचेही नाव लावता येणार नाही. आमच्या मते निम्म्या वादांचे उत्तर या दोन वाक्यांत आहे.

सरकारी व्यवस्थापन आले म्हणजे जमीन सुरक्षित झाली, असेही नाही. पश्चिम महाराष्ट्र देवस्थान समितीकडे कोल्हापूर, सांगली, सिंधुदुर्ग भागातली तीन हजारांहून अधिक देवळे आहेत. अंबाबाई आणि जोतिबा सगळ्यांना दिसतात. आडगावच्या देवळाच्या चार एकरांचा खंड वेळेवर जमा होतो का, हे कोण बघणार?

नाण्याची दुसरी बाजूही लिहिली पाहिजे. रस्त्याच्या कडेला आधी शेंदूर लागतो, मग पत्रा येतो, मग सभामंडप. सार्वजनिक जागेत धर्माच्या नावाने नवे अनधिकृत बांधकाम होऊ देऊ नका, असा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश 2009 चा आहे आणि तो सर्व धर्मांना लागू आहे. जुन्या सनदेचे देऊळ आणि गेल्या निवडणुकीआधी उगवलेले देऊळ यांना एकाच मापाने मोजले, तर अन्याय पहिल्यावरच होतो. पाडापाडीच्या यादीत जुने नाव आले, की ते काढून घ्यायला कागद लागतो, आणि तो बहुतेकांकडे नसतो.

म्हणून वाचकांना एकच विनंती. दिवाळीला गावी जाल तेव्हा ग्रामदेवतेचा गट नंबर विचारा. महाभूलेखवर सातबारा पाहायला पैसे पडत नाहीत. मालकाच्या रकान्यात देवाचे नाव नसेल, तर तहसील कार्यालयात जुन्या फेरफारांच्या नकलांसाठी अर्ज करा आणि त्या नकला देवळाच्या फलकावर लावा.